अर्ज मागे, हक्क जवळ

कोर्टाचा हुकूम घरी आला की तो वाचायचे काम आपल्याकडे बहुधा कॉलेजात जाणाऱ्या नातवाकडे किंवा नातीकडे येते. इंग्रजीतल्या दोन-तीन ओळी असतात. त्यात 'डिसमिस्ड' हा शब्द आधी डोळ्यांत भरतो आणि घरात एकदम शांतता पसरते. आजोबा म्हणतात, संपले सगळे. प्रत्यक्षात पुष्कळदा ती ओळ पुरती वाचलेलीच नसते. पुरती वाचली तर ती अशी असते : 'डिसमिस्ड ॲज विथड्रॉन, विथ लिबर्टी...' म्हणजे अर्जदाराने याचिका स्वतःहून मागे घेतली म्हणून ती निकालात काढली, आणि पुढे अमुक मार्गाने जाण्याची मुभा त्याला राहिली.

वाचकहो, हरणे वेगळे आणि मागे घेणे वेगळे. मागे घेण्याचेही पुन्हा दोन प्रकार आहेत : मुभा राखून आणि मुभेवाचून. ओळीच्या शेवटी असलेल्या त्या दोन-तीन शब्दांवर कधी कधी एका घराचा हक्क राहतो किंवा जातो. म्हणून आज त्या शब्दांविषयी.

आपल्या भागात कोर्टाचे बरेचसे शब्द दोन्ही भाषांत जवळजवळ सारखेच आहेत. मराठीतला दावा कन्नडमध्ये दावे होतो, अर्जाची अर्जी होते, हक्काचा हक्कु होतो आणि वकील वकीलरु होतात. कोर्टाविषयीचे शहाणपणही सारखेच. आपण म्हणतो, शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये. कन्नडमध्ये म्हणतात, 'गेद्दव सोत, सोतव सत्त' : जिंकला तो हरला, हरला तो मेला. पण एक फरक कन्नड क्रियापदे फार चांगला दाखवतात. 'हिंदक्के तेगेदुकोळ्ळुवुदु' म्हणजे मागे घेणे आणि 'बिट्टुकोडुवुदु' म्हणजे सोडून देणे. मागे घेतलेली वस्तू आपल्याच हातात येते. सोडून दिलेली जाते. कायद्यातही हाच फरक आहे, आणि तो कुठल्या क्षणी ठरतो हे समजण्यासाठी थोडे लांब, मध्य प्रदेशात जावे लागेल.

महाराष्ट्राच्या पूर्व टोकाला गोंदियाच्या पलीकडे बालाघाट जिल्हा लागतो. वैनगंगेकाठचा, भातशेतीचा, भरवेलीच्या मँगनीजचा आणि मलाजखंडच्या तांब्याचा हा मुलूख. तोही आपल्यासारखाच सीमेवरचा. लांजी, वारासिवनीकडच्या कित्येक घरांचे सोयरे गोंदिया-भंडाऱ्यात आहेत. घरात मराठी किंवा पोवारी आणि कचेरीत हिंदी असा व्यवहार चालतो. १ नोव्हेंबर १९५६ या दिवशी बेळगाव म्हैसूर राज्यात गेले. त्याच दिवशी विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात आले आणि बालाघाट मध्य प्रदेशात राहिला. तोवर बालाघाटच्या माणसाचे उच्च न्यायालय नागपूरला होते, ते तेव्हापासून जबलपूरला झाले. आपल्याकडच्या माणसाने पूर्वी बेंगळूरची वाट तुडवली तशी तिकडच्याने जबलपूरची. एकदा मोडलेली खेप पुन्हा करायची म्हणजे काय, हे सीमेवरच्या माणसाला वेगळे सांगायला नको.

याच मध्य प्रदेशातून, प्रवासी बसच्या परवान्याच्या वादातून, एक प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि त्याने साऱ्या देशासाठी नियम घालून दिला. प्रकरणाचे नाव सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिस विरुद्ध राज्य परिवहन अपील न्यायाधिकरण, ग्वाल्हेर. निकालाचे वर्ष १९८६. (सरगुजा आज छत्तीसगडमध्ये आहे, तेव्हा छत्तीसगड वेगळे झाले नव्हते.) या बस कंपनीने न्यायाधिकरणाच्या आदेशाविरुद्ध मध्य प्रदेश उच्च न्यायालयात रिट याचिका केली होती. पुढे ती मागे घेतली. मागे घेताना 'पुन्हा याचिका करण्याची परवानगी असावी' असे मागितले नाही. नंतर त्याच आदेशाविरुद्ध तीच याचिका पुन्हा दाखल केली. उच्च न्यायालय म्हणाले, आता ऐकणार नाही. कंपनी दिल्लीला गेली.

सर्वोच्च न्यायालयात हा निकाल लिहिला न्यायमूर्ती ई. एस. वेंकटरामय्या यांनी. ते मूळचे कर्नाटकाचे, पुढे १९८९ मध्ये देशाचे सरन्यायाधीश झाले. त्यांच्यापुढचा प्रश्न साधा दिसतो. पहिल्या याचिकेचा निकाल गुणदोषांवर लागलाच नव्हता. कोण बरोबर, कोण चूक, हे कोर्टाने सांगितलेच नव्हते. मग दुसऱ्यांदा का ऐकायचे नाही?

न्यायालयाने दिलेले उत्तर दोन भागांत आहे, आणि दोन्ही भाग नीट लक्षात ठेवावेत असे आहेत. पहिला भाग : उच्च न्यायालयातली रिट याचिका परवानगी न मागता मागे घेतली, तर त्याच कारणासाठी उच्च न्यायालयात पुन्हा रिट याचिका करता येणार नाही. तो उपाय अर्जदाराने सोडून दिला असे मानले जाईल. दुसरा भाग : पण याचा अर्थ वादाचा निकाल लागला असा नाही. त्यामुळे दिवाणी दावा किंवा राज्यघटनेच्या ३२व्या कलमाखाली सर्वोच्च न्यायालयातली याचिका असे दुसरे उपाय एवढ्यावरून बंद होत नाहीत.

थोडक्यात, ज्या वाटेने आलात ती वाट बंद होते, गावात शिरायच्या बाकीच्या वाटा उघड्या राहतात. आणि आल्याच वाटेने पुन्हा यायचे असेल, तर जाताना तसे सांगून, परवानगी घेऊन जावे लागते.

इतका कडक नियम का, तर न्यायालयाने दिलेले कारण व्यवहारी आहे. उच्च न्यायालयात कोणत्या न्यायाधीशांपुढे कोणते काम, हे बदलत असते. समोरच्या न्यायाधीशांचा कल आपल्या बाजूचा नाही असे दिसले की याचिका मागे घ्यायची आणि दुसरे न्यायाधीश आले की पुन्हा टाकायची, असा खेळ काही पक्षकार करतात. वकिलांच्या भाषेत याला 'बेंच हंटिंग' म्हणतात. तो बंद व्हावा आणि कज्जाला कुठे तरी शेवट असावा, म्हणून हा नियम. मात्र जिथे माणसाच्या व्यक्तिस्वातंत्र्याचा प्रश्न आहे, म्हणजे कोणाला बेकायदा डांबून ठेवल्याची तक्रार असेल, तिथे हा नियम लागू होतो की नाही, हे न्यायालयाने त्या वेळी मुद्दाम मोकळे ठेवले.

हा नियम जुना झाला असे समजू नये. पुढे सर्वोच्च न्यायालयाने तो आपल्याकडे येणाऱ्या विशेष अनुमती याचिकांनाही लावला. २०२५ मध्ये एका बँकेच्या कर्जदाराच्या प्रकरणात पुन्हा तेच सांगितले : इथली याचिका पुन्हा येण्याची मुभा न मागता मागे घेतली, मग उच्च न्यायालयात फेरविचाराचा अर्ज केला, तो फेटाळला गेला, आता परत आमच्याकडे येता येणार नाही.

हे झाले उच्च न्यायालयातल्या याचिकांचे. आपल्या घरांचा संबंध जास्त येतो तो तालुक्याच्या दिवाणी न्यायालयाशी. तिथला नियम १९०८च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत आहे : आदेश २३, नियम १. सरगुजाच्या निकालानेही याच नियमातले तत्त्व याचिकांना लावले. नियम असा : वादी आपला दावा केव्हाही सोडून देऊ शकतो. पण तोच दावा नव्याने करण्याची मुभा हवी असेल तर न्यायालयाची परवानगी लागते. ती दोन कारणांसाठी मिळू शकते. एक, दाव्यात तांत्रिक उणीव असून त्यामुळेच तो फसणार असेल. उदाहरणार्थ, सरकारविरुद्ध दावा करण्यापूर्वी द्यावयाची दोन महिन्यांची नोटीस दिलेलीच नसेल. दोन, नवा दावा करू देण्यास दुसरे पुरेसे कारण असेल. परवानगीवाचून दावा काढून घेतला, तर त्याच विषयावर नवा दावा करता येत नाही. वर समोरच्याचा खर्चही अंगावर बसू शकतो.

परवानगी मागितली की मिळालीच, असेही नाही. पुरावा कमी पडला म्हणून डाव उधळून पुन्हा मांडायला न्यायालय सहसा देत नाही. खालच्या कोर्टांचे निकाल लागून गेल्यावर तर फारच कठीण. २०००च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयाने दुसऱ्या अपिलाच्या टप्प्यावर उच्च न्यायालयाने दिलेली अशी मुभा रद्द केली. कारण तोवर समोरच्या पक्षाच्या पदरातही काही पडलेले असते, ते सहज काढून घेता येत नाही.

'तोच विषय' म्हणजे काय, यावरही वाद होतात. १९७० साली सर्वोच्च न्यायालयापुढे एका दत्तक मुलाचे प्रकरण आले होते. पहिला दावा त्याने दत्तक वडिलांपासून आपली वाटणी मागण्यासाठी केला होता. पुढचा दावा त्याच मिळकतीचा ताबा एका तिऱ्हाइताकडून, बेकायदा कब्जेदाराकडून मिळवण्यासाठी होता. दत्तक विधान खरे की खोटे हा मुद्दा दोन्हीकडे होता. तरी न्यायालय म्हणाले, दाव्याचे कारण वेगळे, मागणी वेगळी, म्हणून विषय एक नाही. दुसरा दावा चालेल. एकत्र कुटुंबातल्या वाटणीचा हक्कही मिळकत एकत्र असेपर्यंत जिवंत राहतो, असे न्यायालयांनी अनेकदा म्हटले आहे. पण असल्या आधारावर विसंबून सही करू नये. बचाव सापडणे वेगळे आणि बचावाची गरजच न पडणे वेगळे.

आता आपल्या घरातली गोष्ट घेऊ. समजा, एका बहिणीचे माहेर कागलचे आणि ती निपाणीला दिलेली. मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलासारखा हक्क महाराष्ट्र आणि कर्नाटक या दोन्ही राज्यांनी १९९४ मध्येच दिला, २००५ मध्ये तो साऱ्या देशाला लागू झाला, आणि वडील २००५ मध्ये हयात असोत वा नसोत, मुलीला तो हक्क आहे, हे ११ ऑगस्ट २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले. पण वडिलांच्या दिवसांच्या गडबडीत या बहिणीची सही 'वारस नोंदीसाठी' म्हणून घेतली गेली आणि तो कागद निघाला हक्कसोडपत्र. तो फसवणुकीने घेतला म्हणून रद्द व्हावा, यासाठी तिने दावा केला. अशा दाव्याला मुदत तीन वर्षांची, फसवणूक समजल्यापासून. तिने दीड वर्षाने दावा केला, म्हणजे मुदतीत.

मग गणपतीला भाऊ घरी येतात. म्हणतात, "ताई, कोर्टात कशाला? आधी केस मागे घे, मग घरात बसून मिटवू." ताईलाही भाऊ हवे आहेत, माहेर हवे आहे. ती तारखेला जाते आणि पुरशिस देते : 'मला दावा पुढे चालवायचा नाही.' कर्नाटकातल्या कोर्टात यालाच मेमो म्हणतात. कागद एका ओळीचा. त्या एका ओळीने ताईने 'मागे घेतले' नाही, 'सोडून दिले'. दिवाळी जाते, वाटाघाटी होत नाहीत. नवा दावा करायला गेल्यावर समोरचे वकील ती पुरशिस दाखवतात.

दुसरी शक्यता बघू. ताईच्या वकिलांनी काळजी घेतली, नवा दावा करण्याची मुभा मागितली आणि न्यायालयाने ती दिलीही. आता निर्धास्त? नाही. इथे दुसरा खड्डा आहे आणि तो फारच थोड्यांना माहीत असतो. त्याच आदेश २३चा नियम २ सांगतो की परवानगीने नवा दावा केला, तरी मुदत मोजताना पहिला दावा झालाच नव्हता असे समजायचे. म्हणजे ताईची तीन वर्षे फसवणूक समजल्यापासून चालूच आहेत. पहिला दावा वर्षभर चालला आणि पुढचे वर्ष भावांच्या 'बघू, करू' मध्ये गेले, तर मुभेचा कागद हातात असून मुदत संपलेली. मुभा दार उघडे ठेवते, घड्याळ थांबवत नाही.

याला एक अपवाद आहे आणि तो सीमाभागाला उपयोगी पडणारा आहे. चुकीच्या कोर्टात, पण प्रामाणिकपणे आणि नेटाने दावा चालवण्यात गेलेला काळ १९६३च्या मुदत कायद्याच्या कलम १४ प्रमाणे वजा मिळतो. अधिकारक्षेत्राच्या किंवा तशाच स्वरूपाच्या अडचणीमुळे परवानगी घेऊन दावा मागे घेतला असेल, तर तिथेही हे कलम लागू होते. आपल्याकडे असे होऊ शकते. जमीन सगळी कागल तालुक्यात, पण राहायला निपाणीला म्हणून दावा निपाणीत टाकला, तर तो चुकीच्या ठिकाणी गेला. जमिनीचा दावा जमीन असेल तिथे करायचा. जमीन दोन्हीकडे असेल, तर मात्र दोन्हींपैकी कोणत्याही एका ठिकाणी दावा करता येतो. यात चूक झाल्यास न्यायालय दावा योग्य कोर्टात नेण्यासाठी परतही करू शकते. भावांच्या शब्दाखातर घेतलेली माघार मात्र या अपवादात बसत नाही.

मग ताईने काय करावे? भावांशी भांडतच राहावे? मुळीच नाही. मिटवायचे असेल तर कोर्टात मिटवावे. आदेश २३चाच नियम ३ त्यासाठी आहे. तडजोड लेखी करून दोन्ही बाजूंनी सह्या करायच्या, ती न्यायालयापुढे ठेवायची, आणि न्यायालय तिच्यावरून हुकूमनामा करते. मग कोणाला किती आणि कधी, हे भावाच्या शब्दावर राहत नाही, कोर्टाच्या हुकमावर येते. लोकअदालतीत मिटवले तर तो निवाडा हुकूमनाम्यासारखाच असतो, त्यावर अपील नाही, आणि भरलेला कोर्ट-स्टॅम्पही परत मिळतो. बोलणी अजून चालू असतील, तर दावा तसाच ठेवून मध्यस्थी केंद्राकडे पाठवण्याची विनंती करता येते. आधी तडजोड, मग माघार, हा क्रम. 'आधी केस मागे घे, मग बघू' यात सगळा धोका एकाच बाजूच्या वाट्याला येतो, आणि ती बाजू बहुधा घरातल्या दुबळ्या माणसाची असते.

हाच नियम लहान मुलांची आणि बहिणी-बहिणींची काळजीही घेतो. वादी अज्ञान असेल तर न्यायालयाच्या परवानगीवाचून त्याच्या वतीने दावा सोडून देता येत नाही. दोघी बहिणी मिळून वादी असतील, तर दुसरीची संमती नसताना एकीला दावा सोडून देण्याची किंवा काढून घेण्याची परवानगी न्यायालय देऊ शकत नाही. एकीला वळवून दावा बसवण्याची युक्ती आपल्याकडे नवी नाही. कायद्याला ती ठाऊक आहे.

उच्च न्यायालयात मुभा राखून माघार घेण्याची वेळ बहुधा वेगळ्या कारणाने येते. फेरफार नोंदीविरुद्ध कोणी थेट याचिका करतो, बँकेच्या जप्तीच्या नोटिशीविरुद्ध कोणी करतो. न्यायाधीश विचारतात, प्रांताकडे अपील आहे ना? कर्जवसुली न्यायाधिकरण आहे ना? आधी इकडे कसे? अशा वेळी याचिका फेटाळली जाण्यापेक्षा वकील उठून म्हणतात, आम्ही मागे घेतो, दुसऱ्या उपायाची मुभा द्यावी. पक्षकाराला वाटते, वकिलाने कच खाल्ली. पुष्कळदा तो शहाणपणाच असतो. फेटाळणीच्या आदेशात आपल्याविरुद्ध दोन वाक्ये लिहिली गेली तर ती खालच्या अधिकाऱ्यापुढे आडवी येतात. माघारीच्या आदेशात बहुधा असे काही नसते.

महाराष्ट्रात गाजलेले असे एक उदाहरण अनेकांना आठवत असेल. मुंबईचे माजी पोलीस आयुक्त परमबीर सिंह यांनी तेव्हाच्या गृहमंत्र्यांवर आरोप करणारी याचिका थेट सर्वोच्च न्यायालयात केली होती. २४ मार्च २०२१ रोजी न्यायालयाने विषय गंभीर असल्याचे म्हटले, पण उच्च न्यायालयात का गेला नाहीत असे विचारले. याचिका मुभा राखून मागे घेतली गेली आणि लगेच मुंबई उच्च न्यायालयात दाखल झाली. ५ एप्रिलला उच्च न्यायालयाने त्या आरोपांसंबंधीच्या याचिकांवर एकत्रित निकाल देताना सीबीआयला प्राथमिक चौकशी करण्याचा आदेश दिला. आरोपांचे खरेखोटे हा आपला आजचा विषय नाही. पाहण्यासारखे एवढेच की, दिल्लीत मागे घेतलेले प्रकरण दोन आठवड्यांच्या आत मुंबईत ऐकून झाले होते. ज्यांनी 'याचिका मागे' एवढाच मथळा वाचला, त्यांचा समज अर्धवट राहिला.

आपल्या भागातल्या माणसाला आता उच्च न्यायालय पूर्वीइतके लांब नाही. धारवाडचे खंडपीठ २००८ मध्ये फिरते म्हणून सुरू झाले आणि २०१३ मध्ये कायम झाले. कोल्हापूरचे सर्किट बेंच ऑगस्ट २०२५ मध्ये सुरू झाले. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्याकडे आहेत. वाट जवळ आली की खेपा वाढतात. 'बघू या टाकून, नाही जमले तर मागे घेऊ' असा विचारही वाढतो. सरगुजाचा नियम अशा विचारासाठीच सांगून ठेवायचा.

मागे घेण्याच्या कागदावर सही करण्यापूर्वी घरातल्या माणसाने वकिलांना चार प्रश्न विचारावेत. त्यात वकिलांचा अपमान नाही. चांगला वकील उलट खूश होईल. पहिला : मुभा कशाची मागितली आहे? त्याच कोर्टात पुन्हा येण्याची, की फक्त दुसऱ्या उपायाची? या दोन वेगळ्या मुभा आहेत. 'कायद्यात उपलब्ध असलेले उपाय खुले' एवढ्या शब्दांनी त्याच कोर्टात परत येण्याचा हक्क मिळेलच असे नाही, आणि कायद्यात नसलेला उपाय तर त्यातून निर्माण होत नाहीच. दुसरा : ती मुभा अर्जात मागितली आहे आणि आदेशात आली आहे का? कोर्टात तोंडी बोललेले घरी आणता येत नाही, नक्कल आणता येते. तिसरा : दुसऱ्या उपायाची मुदत कधी संपते? ती तारीख कॅलेंडरवर लिहून ठेवावी. चौथा : मुभा नाकारली तर काय? अर्जात स्वच्छ लिहावे की मुभा मिळणार असेल तरच मागे घेत आहोत. मुभेची मागणी तोडून नुसती माघार मान्य करता येत नाही, अर्ज एकसंध धरावा, असे अनेक उच्च न्यायालयांनी म्हटले आहे. मुभा मिळाली नाही तर दावा आहे तिथून पुढे चालवायचा.

आणि नक्कल हातात आल्यावर नातीला सांगावे, पहिल्या शब्दावर थांबू नकोस, ओळीच्या शेवटापर्यंत वाच. मराठीत सांग, आजीला कन्नडमध्ये सांग. 'बिट्टुकोट्टेवु' नाही, 'हिंदक्के तेगेदुकोंडेवु'. सोडून दिले नाही, मागे घेतले. मात्र हे तिला खरेपणाने सांगता यावे, याची तजवीज त्या आधी, पुरशिशीवर सही होण्यापूर्वीच करावी लागते.